इनस्क्रिप्ट आणि युनिकोड मराठी : आठ महिने रोज वापरल्यानंतर

आधी रोमन अक्षरांतून मराठी उमटवणारी पद्धत, मग आठ महिने फक्त इनस्क्रिप्ट, म्हणजे भारतीय भाषांसाठीची प्रमाण कीबोर्ड मांडणी. रोज पानंच्या पानं मराठी लिहायची असतील तर इनस्क्रिप्टच शिकावं, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. बोटं बसायला दोनेक आठवडे लागतात, वेग यायला दोन महिने.

मांडणी सरळ आहे. स्वर आणि मात्रा डाव्या हाताला, व्यंजनं उजव्या. इंग्रजी 'के'वर क, शिफ्ट धरलं की ख. पाय मोडायला 'डी'. जोडाक्षर उच्चाराच्या क्रमानेच टाइप होतं आणि फाइलमध्येही त्याच क्रमाने साठतं. म्हणून 'कि' लिहिताना आधी क, मग वेलांटी. टाइपरायटरवर हात बसलेले लोक इथेच अडखळतात. वेलांटी आधी दाबली की तिच्याशेजारी ठिपक्यांचं वर्तुळ उमटतं. तो फॉन्टचा दोष नाही, मात्रेला टेकायला व्यंजन मिळालेलं नाही एवढाच त्याचा अर्थ.

खरा फायदा अर्ध्या र मध्ये दिसतो. 'दर्या' म्हणजे समुद्र, 'दऱ्या' म्हणजे दरीचं अनेकवचन. रफारासाठी साधा र, पाय मोड, य. दुसऱ्यासाठी शिफ्ट-जे दाबून नुक्त्याचा (खाली टिंब असलेला) ऱ, मग पाय मोड, य. काही कीबोर्ड हाच आकार साधा र, पाय मोड आणि मागे एक अदृश्य जोडचिन्ह घालून काढतात. पडद्यावर फरक शून्य, पण साठवण वेगळी, त्यामुळे शोध घेतला की अर्धे 'दऱ्या' सापडतच नाहीत. त्यातून एखाद्या वेबफॉर्मने ते अदृश्य चिन्ह गाळलं तर दऱ्यांचा दर्या होतो. ऱ वापरला की ही भानगडच उरत नाही.

आता तक्रार, आणि ती मोठी आहे. जुन्या इनस्क्रिप्ट मांडणीत मराठी ॲ नाही. शिफ्ट-१ वर ए वर चंद्र असलेला हिंदी वळणाचा ऍ मिळतो. मग लोक अ टाइप करून वर शिफ्ट-२ ने चंद्र देतात. दिसायला ठीक, पण ती दोन चिन्हं झाली. युनिकोडमध्ये, म्हणजे प्रत्येक अक्षरचिन्हाला ठरावीक क्रमांक देणाऱ्या जागतिक प्रमाणात, २००८ पासून ॲ साठी एकच स्वतंत्र चिन्ह आहे आणि संगणक या दोन्हींना एक मानत नाही. दोन जणांनी मिळून केलेल्या यादीत 'ॲप' दोनदा दिसण्याचं कारण हेच. मजकूर संपला की 'शोधा आणि बदला' चालवून सगळीकडे एकसंध ॲ करून घ्यावा. नवीन, विस्तारित मांडणी मिळत असेल तर तीच बसवा.

वर्णानुक्रमाकडेही लक्ष हवं. युनिकोडच्या तक्त्यात ळ हा ल च्या लगेच पुढे आहे, आपल्या वर्णमालेत ह नंतर. नुसत्या क्रमांकांवर लावलेली यादी त्यामुळे चुकते आणि क्ष तर क मध्ये जाऊन बसतो. क्रमवारीची भाषा मराठी निवडावी लागते.

स्प्रेडशीटमधला गोंधळ वेगळा. यूटीएफ-८ या एन्कोडिंगमध्ये (युनिकोड चिन्हं बाइटांत साठवण्याच्या पद्धतीत) प्रत्येक देवनागरी चिन्ह ३ बाइट घेतं. 'मराठी' म्हणजे ५ चिन्हं (म, र, काना, ठ, दुसरी वेलांटी), १५ बाइट. सीएसव्ही फाइल (स्वल्पविरामांनी रकाने पाडलेला साधा मजकूर) जुन्या पाश्चात्य एन्कोडिंगने उघडली की प्रत्येक बाइट वेगळं अक्षर समजला जातो आणि एका 'म'च्या जागी तीन भलतीच चिन्हं येतात. मजकूर अजून शाबूत असतो. तशीच सेव्ह मात्र करू नका. बंद करून आयातीच्या मार्गाने ६५००१ हे कोडपेज, म्हणजेच यूटीएफ-८, निवडून उघडा.

एसएमएसमध्येही चिन्हंच मोजली जातात. एका संदेशात इंग्रजीत १६० अक्षरं, देवनागरीत ७०, आणि मात्रा, पाय मोड हे सगळं त्यात धरून. 'क्षत्रिय' एवढ्या शब्दाची ८ चिन्हं होतात.

रोजच्या कामात उपयोगी पडणारी एक गोष्ट : बहुतेक एडिटरमध्ये बॅकस्पेस शेवटचं एकच चिन्ह खोडतं, डिलीट अख्खं जोडाक्षर. 'स्त्री'ची फक्त वेलांटी चुकली असेल तर शब्दाच्या शेवटी जाऊन एकदा बॅकस्पेस पुरतो.