‘मॉन्टी पायथन्स फ्लाइंग सर्कस’चा संपूर्ण संच: अख्खे भाग पाहण्यातच गंमत

बीबीसीने १९६९ ते १९७४ या काळात दाखवलेल्या या विनोदी मालिकेचे चारही हंगाम, म्हणजे एकूण ४५ भाग असलेला डीव्हीडी संच आम्ही इंदूरमधील काही नाट्यप्रेमी मंडळींनी रामबागेतील एका घरी जमून क्रमाने पाहिला. यातील गाजलेली प्रहसने मोबाइलवर सुटी सुटी सर्वांनीच पाहिली होती. पण या मालिकेची करामत दोन प्रहसनांमधील सांध्यांत आहे आणि सुट्या तुकड्यांत नेमके तेच कापले जाते.

प्रहसन टाळीच्या वाक्यावर संपवण्याचा संकेत येथे पाळलेलाच नाही. रंगात आलेला प्रसंग एखादा लष्करी अधिकारी ‘हे फारच वेडगळ होत चालले आहे’ असे सांगून बंद पाडतो, नाहीतर मालिकेचा चित्रकार टेरी गिलियम याची कागदी कात्रणांची हलती चित्रे त्याला भलतीकडेच घेऊन जातात. पंधराव्या भागात स्पॅनिश धर्मन्यायाधीश बसने न्यायालयाकडे निघतात, तेव्हा पडद्यावर श्रेयनामावली सुरू झालेली असते आणि ती संपण्याआधी आपण पोहोचू का, याची चिंता त्या पात्रांनाच लागते. अठराव्या भागात तर चित्रीकरणाची रीतच विनोदाचा विषय होते. त्या काळी बीबीसीवर घरातील दृश्ये व्हिडिओवर आणि बाहेरची फिल्मवर घेतली जात, त्यामुळे दाराबाहेर पडताच चित्राचा पोत बदलत असे. येथे ते पात्राच्याच ध्यानात येते आणि ते आत परतून ‘या खोलीला फिल्मने वेढले आहे’ अशी वाईट बातमी देते. इतकी निखळ आणि बुद्धिमान कल्पना मी दूरचित्रवाणीवर क्वचितच पाहिली आहे.

दूरदर्शनवर ‘रुकावट के लिए खेद है’ ही पाटी पाहत वाढलेल्या पिढीला बीबीसीच्या निवेदकांच्या अतिसभ्य सुराची थट्टा सहज उमगते. तत्कालीन ब्रिटिश राजकारण्यांवरील शेरे मात्र निसटतात आणि संवादही भराभर येतात, म्हणून उपशीर्षके असलेलीच आवृत्ती घ्यावी.

चौथ्या हंगामात मालिकेतील प्रमुख नटांपैकी जॉन क्लीझ नाही, भागही सहाच आहेत आणि काही ठिकाणी एकच कथा भागभर ताणलेली जाणवते. नवख्या प्रेक्षकाने सुरुवात दुसऱ्या हंगामापासून करावी. वर उल्लेखलेले दोन्ही भाग त्यातच आहेत.