हत्थाजोडी, 43,550 रुपये आणि ‘फॉरेस्टचे साहेब’

हत्थाजोडीच्या फसवणुकीत गेलेली रक्कम आधीच सांगतो, म्हणजे हसणाऱ्यांना एकदाच हसून घेता येईल. 43,550 रुपये. वकिलाचे 3,000 वेगळे.

हत्थाजोडी काय असते ते गल्ल्यावर बसणाऱ्यांना सांगायला नको. दोन हात जोडल्यासारखं दिसणारं ‘मूळ’, शेंदरात घालून, लवंग-वेलची टाकून डबीत ठेवायचं, म्हणजे पैसा येतो म्हणे. चामुंडेचे हात म्हणे. अमरकंटकच्या जंगलातलं दुर्मिळ झाड, ग्रहणात उपटलेलं मूळ, गुहेत बसून ते सिद्ध करणारे गुरुजी, हे सगळं जग ती विकणाऱ्या माणसाने फोनवर रचलं होतं. असं झाड कुठे उगवतच नाही.

माझं हार्डवेअरचं दुकान आहे. दोन ठेकेदारांकडे पावणेचार लाखांची उधारी अडकली होती. अशा वेळी माणूस काय काय करतो, ते ज्याची उधारी कधी बुडाली नाही त्याने मला शिकवू नये. त्या विकणाऱ्याचा नंबरही रस्त्यावर सापडला नव्हता, मेव्हण्याने दिला होता.

वस्तूचे 2,100. कुरिअर 350. मग ‘सिद्ध न करता ठेवली तर उलटते’ म्हणून 5,100. मग चांदीची डबी आणि होम, 11,000. डबी चांदीची नव्हे, साध्या जर्मन धातूची निघाली. झाले 18,550. खरेपणाची खूण म्हणून तिळाच्या तेलात बुडवायला सांगितलं, असली असेल तर तेल पिते. मी रोज वाटीत बघायचो आणि तेल कमी झाल्यासारखं वाटायचंच. (वाळलेलं मांसही तेल शोषतं, त्यामुळे ती खूण कसलीच नाही.) बायको म्हणाली, “अहो, वास मुळाचा नाही, काहीतरी मेल्याचा आहे.” उधारी मात्र एक रुपया वसूल झाली नाही.

खरा घाव यानंतरचा. एका दुपारी फोन आला, “फॉरेस्टमधून बोलतोय. तुम्ही मागवलेलं मूळ नाही, नर घोरपडीचं वाळवलेलं लिंग आहे.” घोरपडीला ते जोडीने असतं, वाळलं की हात जोडल्यासारखं दिसतं. हे खरं आहे, 2017 मध्ये याच्या ऑनलाइन विक्रीच्या बातम्या आल्या होत्या. शेंदूर लावून, उदबत्ती दाखवून आम्ही घरात कशाची पूजा करत होतो, ते त्या क्षणी कळलं. तो पुढे म्हणाला, घोरपड वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे, किमान तीन वर्षं कैद, सातपर्यंत जाते, दंड किमान 25,000. यातला शब्दन् शब्द बरोबर आहे. मी फोन चालू ठेवूनच शोधून पाहिलं, कलम तेच, रकमा त्याच. अशा माणसावर विश्वास का ठेवू नये? “25,000 भरा, इथेच मिटवतो.” भरले.

पण त्याने माझा पत्ता वाचला होता, ‘श्री गजान हार्डवेअर’. गजानन नव्हे, गजान! घाईत ‘न’ राहिला होता, आणि ही चूक जगात एकाच ठिकाणी होती, मी त्या विक्रेत्याला पाठवलेल्या मेसेजमध्ये. पार्सलवर पत्ता हाताने नीट लिहिलेला होता. साहेबाकडे ‘गजान’ आलं कुठून? कानावर पडलं, खटकलंही, आणि तरी बोटं पिन टाकत राहिली. रात्री झोप लागत नाही ती पैशांमुळे नाही, या एका ‘न’मुळे.

आता खरे साहेब ऐका. पोलीस ठाण्यात, “पिन तुम्हीच टाकला ना? मग फसवणूक कसली?” मी 2013 चा जादूटोणाविरोधी कायदा दाखवला. उत्तर आलं, “तो बुवाबाबांसाठी, कुरिअरसाठी नाही.” अहो, त्या कायद्याखाली दक्षता अधिकारी पोलिसांतलाच असतो! मागच्या टेबलावरचा विचारतो, “चालली का हो मग ती जोडी?” तिथून वनखात्यात पाठवलं. तिथे विचारलं, “वस्तू कुणाच्या ताब्यात आहे?” माझ्या. “मग जबाब तुमचा होईल.” म्हणजे खरी निघाली तर मी आरोपी, साच्यातली नकली निघाली तर मी मूर्ख, आणि विकणारा दोन्ही वेळा मोकळा. नमुना तपासायला डेहराडूनच्या वन्यजीव संस्थेत जाईल, अहवाल आल्यावर बघू. फोन नंबर, खातं, यूपीआय आयडी, सगळं कागदावर लिहून नेलं होतं. तो कागद कुणी हातात घेतला नाही. बँकेने ‘व्यवहार ग्राहकाने स्वतः मंजूर केला’ असं एका ओळीत कळवलं. पगार घेतात.

पहिल्या अनुसूचीतला गुन्हा अधिकाऱ्याला पैसे घेऊन मिटवताच येत नाही. किमान कैद असलेल्या गुन्ह्यात तडजोडीची सोयच कायद्यात ठेवलेली नाही आणि दंड न्यायालय करतं. फोनवर ‘मिटवतो’ ऐकलं की ठेवून द्या. घाबरून चॅट पुसू नका, मी अर्धं पुसलं आणि तेच महाग पडलं. पैसे गेल्या गेल्या 1930 ही सायबर फसवणुकीची हेल्पलाइन लावा, ठाण्यात नंतर जा. घरात अशी डबी असेल तर फेकू नका, पुरू नका, कुणाला ‘भेट’ देऊ नका. आधी वकील गाठा, लेखी अर्जासोबत जमा करा आणि पोच घ्या. माझ्या पोचेवर ‘संशयित वस्तू, 1 नग’ असं आहे. डबीचा उल्लेख नाही, ती मागायला गेलो तर म्हणाले, ती मुद्देमालात धरली.

आणि हो, ‘सियारसिंगी’ही (म्हणे कोल्ह्याचं शिंग) विकतोय तो. तोच फोटो, नवा नंबर, 3,100 रुपये. मेव्हण्याने कालच पाठवलं.