जॉन बॉनमचे वादन डोळ्यांनी पाहण्यासाठी: लेड झेपेलिनचा डीव्हीडी संच

लेड झेपेलिन या इंग्लिश रॉक बँडचा ड्रमवादक जॉन बॉनम ज्यांनी आजवर केवळ ऐकला आहे, त्यांनी बँडच्याच नावाने २००३ साली निघालेला हा दोन तबकड्यांचा, पाच तासांहून मोठा संच अवश्य पाहावा. बॉनम म्हणजे दणदणाट, हा समज पहिल्या तासाभरातच गळून पडतो.

संचाचा गाभा म्हणजे ९ जानेवारी १९७० रोजी लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये झालेला कार्यक्रम. शाळा सोडल्यावर वडिलांच्या हाताखाली सुतारकाम शिकलेला, इंग्लंडमधील रेडिच गावचा हा तरुण तेव्हा अवघा २१ वर्षांचा होता. ‘मोबी डिक’ या ड्रमप्रधान रचनेत बँडमधले बाकीचे तिघे बाजूला होतात आणि सुमारे पंधरा मिनिटे रंगमंच त्याच्या एकट्याच्या ताब्यात येतो. मध्येच तो काठ्या सोडून नुसत्या हातांनी वाजवू लागतो, तेव्हा ड्रमवर तळहात किती जोराने आणि कुठे पडतो यावर नाद कसा बदलतो, हे स्पष्ट दिसते. आपल्याकडे पखवाज किंवा तबला ऐकून तयार झालेल्या कानांना हा भाग विशेष भावेल, असे मला वाटते.

१९७३ च्या न्यूयॉर्कमधील चित्रीकरणाला मात्र फारच कमी जागा मिळाली आहे. अंबर रंगाच्या पारदर्शक ड्रममागे बसलेला, ऐन भरातला बॉनम केवळ चार गाण्यांपुरता दिसावा, ही या संचातील मोठी उणीव आहे.

ती बऱ्याच अंशी भरून निघते इंग्लंडमधील नेबवर्थ येथे १९७९ साली झालेल्या कार्यक्रमातील ‘काश्मीर’ या गाण्यामध्ये. गिटारची धून तीन-तीन मात्रांच्या गटांत फिरत राहते, बॉनम मात्र चार मात्रांचा साधा, जड ठेका धरून जराही हलत नाही, आणि बारा मात्रांनी दोन्ही प्रवाह पुन्हा समेवर येतात. हात इतके तयार असताना मधल्या जागा जादा वादनाने भरून काढण्याचा मोह टाळून लय अशी रोखून धरणे, हीच माझ्या मते त्याची खरी थोरवी होय.

हा माहितीपट नसल्यामुळे त्याचे आयुष्य येथे उलगडून सांगितलेले नाही. नेबवर्थनंतर साधारण तेरा महिन्यांनी, २५ सप्टेंबर १९८० रोजी, अतिमद्यपानामुळे वयाच्या ३२ व्या वर्षी त्याचा मृत्यू झाला. त्याच्याशिवाय पुढे जाणे शक्य नाही, असे उरलेल्या तिघांनी त्याच डिसेंबरमध्ये जाहीर केले. त्याच्या जागी दुसरा कोणी बसवणे त्यांना का जमले नसावे, हे ‘काश्मीर’ पाहिल्यावर कळते. फक्त हा संच मोबाइलच्या स्पीकरवर ऐकू नये. बेस ड्रमचा, म्हणजे पायाने वाजवायच्या मोठ्या ड्रमचा, खर्ज नीट देणारे स्पीकर किंवा चांगले हेडफोन घ्यावेत, कारण त्याच्या उजव्या पायाचे काम त्याशिवाय ऐकूच येत नाही.