डुकरिणीला व्यायला: क्रेट की मोकळा कप्पा?

नवी शेड बांधणारा प्रत्येक जण हे विचारतोच. मी सिंधुदुर्गात पाच वर्षं क्रेट वापरले, गेली तीन वर्षं मोकळे कप्पे वापरतोय. माद्या १५ आहेत, सगळ्या लार्ज व्हाइट यॉर्कशायर जातीच्या रक्ताच्या. दीडशे माद्या सांभाळणाऱ्यानं माझं म्हणणं आपल्या हिशेबानं तपासून घ्यावं.

क्रेटची बाजू आधी सांगतो, कारण ती खोटी नाही. क्रेट म्हणजे दोन फूट रुंद, सात फूट लांब पाईपची चौकट. मादी उठते, बसते, पण वळू शकत नाही. दोनशे किलोचं धूड धप्पकन आडवं झाल्यावर दीड किलोच्या पिल्लाचं काय होतं, हे सकाळी ते पिल्लू उचलणाऱ्याला विचारा. चिरडून मरणारी बहुतेक पिल्लं पहिल्या दोन-तीन दिवसांत जातात, आणि क्रेटचे पाईप मादीला सावकाश बसायला लावतात. लोहाचं इंजेक्शन देताना पिल्लू कितीही किंचाळलं तरी आई पाईपच्या पलीकडे. त्यामुळे गडी बिनधास्त. जागाही निम्मी लागते.

मग मी क्रेट का सोडले? आवाजामुळे. हसू नका.

आमचं घर शेडपासून तीस-चाळीस पावलांवर आहे. गाभणपणाचे ११४ दिवस भरत आले की व्यायच्या आदल्या संध्याकाळपासून मादी समोरचा आडवा पाईप तोंडात धरून चावत राहायची. खड्, खड्, खड्. मध्येच पुढच्या पायानं काँक्रीट खरवडायची, दमली की थांबायची, पुन्हा सुरू. रात्री दोनला आई म्हणाली, "अरे, तिला काय हवंय ते तरी बघ जाऊन." मी गेलो, बॅटरी मारली. पाईपचा रंग उडाला होता, तोंडाला फेस होता. खाणं-पाणी पुढ्यात तसंच पडलेलं.

तिला हवं होतं अंथरूण. डुकरीण व्यायच्या आधीच्या दिवसभरात खड्डा उकरते, गवत-काटक्या गोळा करते. हे तिला कोणी शिकवत नाही. १९८० च्या आसपास स्कॉटलंडमध्ये एडिंबराजवळ शेडमध्ये वाढलेली डुकरं मोकळ्या टेकडीवर सोडून पाहिली, तर त्या माद्यांनीही रानडुकरिणीसारखीच जागा शोधून बिछाना केला. म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या काँक्रीटवर काढूनही ओढ गेलेली नाही. ती पुरी झाली नाही की ताण वाढतो, ताणानं कळा आणणारं ऑक्सिटोसिन हे संप्रेरक अडतं आणि विणं लांबतं. दोन पिल्लांमधलं अंतर वाढलं की शेवटची पिल्लं गुदमरलेली निघतात. माझ्याकडे घड्याळ लावून केलेली नोंद नाही, पण क्रेटच्या काळात पहाटेपर्यंत बसायचो आणि आता बहुतेक वेळा झोपायला जातो, एवढं नक्की.

पहिल्यांदा एकीला रिकाम्या कप्प्यात सोडलं तेव्हा पेंढा नव्हता, म्हणून पेंडीचं रिकामं पोतं टाकलं. तिनं ते पायाखाली दाबून फाडलं, चिंध्या तोंडानं एका कोपऱ्यात नेल्या, तीन-चार गिरक्या घेतल्या आणि पडली. त्या रात्री आवाज नाही.

कप्प्याचे तोटे आहेतच. भाताचा पेंढा गटारात जाऊन तुंबतो. म्हणून एका वेळी दोन किलोच्या वर टाकत नाही. आत शिरताना हातात फळी लागते, तापट मादी अंगावर येते. आणि पिल्लं चिरडतात, क्रेटपेक्षा जास्त. भिंतीपासून आठ-दहा इंच सोडून, जमिनीपासून तेवढ्याच उंचीवर पाईप हवाच, म्हणजे मादी भिंतीला घासत पडली तरी पिल्लाला सांदीत जागा मिळते. कोपऱ्यात बल्बचा वेगळा खण हवा, कारण पिल्लांना ३२-३४ अंश लागतं आणि आईला त्यात धाप लागते. क्रेटमध्ये ती बल्बपासून हलू शकत नाही. कप्प्यात मे महिन्यात ती सरळ ओल्या बाजूला जाऊन पडते. शिवाय शेण-मूत एका कोपऱ्यात करते. डुकराला घाणेरडं म्हणणाऱ्यांनी हे एकदा येऊन पाहावं.

स्वित्झर्लंडमध्ये २००७ पासून असे क्रेट बंद आहेत. तिथल्या फार्मांच्या नोंदींत मोकळ्यात चिरडून जास्त पिल्लं गेली, क्रेटमध्ये इतर कारणांनी जास्त, आणि एकूण मर जवळपास सारखीच निघाली. त्यांची थंडी वेगळी, कप्पे मोठे, हे धरूनच वाचायचं. पण माझ्या वहीतलं चित्र फार वेगळं नाही.

गडी रोज बदलत असेल, किंवा रात्री शेडवर कोणीच नसेल, तर मी क्रेटला नावं ठेवणार नाही. फक्त बाजू उघडणारा घ्या: व्याल्यावर चार दिवस बंद, मग मोकळा. आणि आदल्या दिवशी पोतं टाका. माझ्या चारपैकी तीन क्रेट वेल्डरकडून कापून घेतले, त्यांचेच पाईप आता कप्प्यांच्या भिंतींना आहेत. चौथा ठेवलाय, पिल्लांना चावणाऱ्या एका मादीसाठी. गेल्या दोन वेतांत तिलाही लागला नाही.