नर्सरीतला पेपरोमिया: झाड घ्या, कुंडी मात्र आठवड्याने बदला

चार इंची काळ्या प्लास्टिकच्या कुंडीत, नुसत्या कोकोपीटमध्ये (नारळाच्या काथ्याच्या भुशात) लावलेला पेपरोमिया आता छत्रपती संभाजीनगर, लातूर, नांदेडच्या नर्सऱ्यांत मिळतो. घरात ठेवायला झाड उत्तम आहे. ज्या कोकोपीटमध्ये ते विकतात, ते मात्र घरात त्याचा जीव घेतं.

पेपरोमिया मिरी आणि नागवेलीच्या कुळातला. अमेरिका खंडातल्या उष्ण जंगलांत त्याच्या कितीतरी जाती झाडांच्या खोडांवर आणि पालापाचोळ्यात वाढतात. म्हणून मुळं बारीक, तोकडी आणि हवा मागणारी. पाण्याचा साठा जाड पानांत. नर्सरीत हिरव्या जाळीखाली हवा खेळती असते, तिथे कोकोपीट चालून जातं. घरात ते वरून कोरडं दिसतं आणि तळाशी ओलं राहतं. आपण वर बघून पाणी घालतो आणि खाली मुळं कुजतात. उलट, मे महिन्यात एकदा ठणठणीत वाळलं की पाणी आत शिरत नाही, कडेने वाहून तळातून निघून जातं. अशा वेळी कुंडी अर्धा तास पाण्याच्या टोपात बुडवून ठेवावी लागते.

घेताना खोडाचा मातीलगतचा भाग बोटाने दाबून बघा. मऊ किंवा काळपट लागला तर ते झाड सोडून द्या. पानांच्या बेचक्यांत कापसासारखं पांढरं दिसलं तर तो पिठ्या ढेकूण. घरातल्या बाकी झाडांवरही जाईल.

घरी आणल्यावर आठवडाभर सावलीत ठेवून मग कुंडी बदला. दोन भाग धुतलेलं कोकोपीट, एक भाग चाळलेलं गांडूळखत आणि एक भाग पर्लाइट (पांढरे, हलके, सच्छिद्र खडे). पर्लाइट मिळालं नाही तर हरभऱ्याएवढे विटांचे तुकडे चालतात, फक्त त्यांतली भुकटी चाळून काढा. नवी कुंडी जुनीपेक्षा एक इंचानेच मोठी, तळाला भोक असलेली. मोठ्या कुंडीत ओल जास्त दिवस राहते. मुळांभोवती जाळीची छोटी पिशवी असेल तर हलक्या हाताने कापून काढा. शेतातली काळी माती चिमूटभरही नको. ती ओली असताना हवा कोंडते आणि वाळताना आवळून मुळं तोडते.

पाण्यासाठी वार ठरवू नका. कुंडीतला वरचा अर्धा भाग कोरडा झाला की तळातून निघेपर्यंत पाणी द्या आणि बशीतलं ओतून टाका. माती कोरडी आणि पान मऊ पडलं असेल तर झाड तहानलेलं आहे. माती ओली असूनही पान लुळं पडलं असेल तर मुळं कुजली आहेत, आणखी पाणी दिलं तर झाड गेलंच. तेव्हा वरचा तीन-चार इंचांचा निरोगी शेंडा कापा, काप काही तास सुकू द्या आणि वरच्याच मिश्रणात खोचा. साधारण महिन्याभरात मुळं धरतात.

आपल्याकडे खरा त्रास बोअरच्या पाण्याचा. क्षारांनी मातीवर पांढरा थर येतो, पानांची टोकं करपतात. आरओ मशीनचं टाकाऊ पाणी झाडांना घालायची सवय बऱ्याच घरांत आहे. त्यात क्षार आणखी जास्त असतात. कूलरच्या टाकीत उरलेल्या पाण्याचंही तेच. पावसाचं साठवलेलं किंवा एसीतून ठिबकणारं पाणी सगळ्यात चांगलं.

जागा पूर्वेच्या खिडकीजवळची. पश्चिमेचं एप्रिल-मेचं ऊन पानं भाजून काढतं. कूलरच्या खोलीतली दमट हवा या झाडाला मानवते, पण झोताच्या समोर ठेवू नका. परभणीकडे हिवाळ्यात पारा १० अंशांखाली उतरतो, त्या रात्री झाड खिडकीच्या काचेपासून आत घ्या.

जातींत पहिली पसंती गोल, जाड, चकचकीत पानांच्या ऑब्ट्युसिफोलियाला. आपला कोरडा उन्हाळा तोच सगळ्यात सहज काढतो. कलिंगडासारख्या पट्ट्यांचा अर्गायरिया दिसायला देखणा, पण त्याला दमट हवा लागते. एप्रिलमध्ये पानांच्या कडा तपकिरी होतात. तो घ्यायचाच असेल तर जुलै-ऑगस्टमध्ये घ्या, उन्हाळ्याआधी रुळतो. त्याचं पान आडवं अर्धं कापून, कापलेली कड ओल्या मिश्रणात खोचून वर पारदर्शक डबा झाकला की नवी रोपं फुटतात. पिवळसर कडांच्या ऑब्ट्युसिफोलियाला ही रीत लावू नका. पानापासून आलेलं रोप साधं हिरवंच निघतं, रंग टिकवायचा तर फांदीचंच कलम करा.