दशावतार की तमाशा: विनोदासाठी कोणता प्रयोग ठेवावा?

गिरणगावातील एका मंडळाला उत्सवात दशावतार ठेवावा की तमाशा, हे ठरवता येत नाही. तेथील जुनी कामगार कुटुंबे कोकणातूनही आली आणि घाटावरूनही, त्यामुळे दोन्ही प्रकारांना प्रेक्षक आहेत. ही तुलना मुख्यतः विनोदापुरती आहे.

दशावताराच्या पूर्वरंगात, म्हणजे मुख्य कथेआधीच्या भागात, संकासुर हे विनोदी राक्षसपात्र मालवणीत बोलते, आणि संवाद लिहिलेले नसल्यामुळे समोरच्या गावातील मानपान, भाऊबंदकी, मुंबईकर चाकरमान्याचा तोरा हे सारे नटाला तेथल्या तेथे वापरता येते. हा विनोद तिरकस असतो. ज्याची टिंगल झाली त्याला ती थोडी उशिराच कळते. तमाशातील सोंगाड्या, म्हणजे विनोदी नट, मात्र बतावणीत, म्हणजे विनोदी संवादांच्या भागात, अडाण्याचे सोंग घेऊन पाटील-सावकारांची उघड फजिती करतो. राबणाऱ्याचा राग येथे अधिक स्पष्ट ऐकू येतो, असे माझे मत आहे. द्व्यर्थी बोलणे मात्र गृहीत धरावे लागते.

दशावताराला बाकडे, पेटी, पखवाज आणि झांज एवढे पुरते. तमाशाच्या पूर्ण फडाचा, म्हणजे संचाचा, खर्च मोठा असतो.

प्रेक्षक मुख्यतः सिंधुदुर्गातील असतील तर दशावतार ठेवावा. वस्ती मिश्र असेल, तर मालवणीतील खोचा निम्म्यांना कळणार नाहीत. तेथे फड न बोलावता केवळ बतावणी ठेवावी.