मातीची ममी: शाडू घ्यावी की पॉलिमर क्ले?

शाळेतून इजिप्तचा प्रकल्प आला की बहुतेक मुलं ममीच निवडतात. मग दुकानात गेल्यावर पालकांना प्रश्न पडतो, माती कुठली घ्यायची? मी मुलांचे मातीकामाचे वर्ग घेते. शाडू, हवेत वाळणारी क्ले, भाजायची पॉलिमर क्ले आणि घरचं मीठ-मैद्याचं पीठ, या चारही प्रकारांत आम्ही वीतभर लांबीच्या ममी केल्या आहेत.

हाताशी आठवडाभर असेल तर शाडूच घ्या. ती स्वस्त आहेच, पण माझं कारण वेगळं आहे. मातीच्या ममी इजिप्तचे लोक स्वतःही करत. नदीचा गाळ किंवा वाळू आणि सातूचे दाणे कालवून ते ओसायरिस या मृतांच्या आणि पुन्हा उगवण्याच्या देवाची लहानशी आकृती घडवत आणि तिला लिननमध्ये गुंडाळत. अभ्यासक तिला धान्य-ममी म्हणतात. ज्यांच्या घरी घटस्थापनेला परडीत माती पसरून धान्य पेरतात, त्या मुलांना मृत्यू आणि अंकुर यांचं हे नातं फार समजावून सांगावं लागत नाही.

शिवाय शाडू वाळताना आकसते, आणि ममीची गोष्ट मुळात वाळवण्याचीच आहे. सगळा विधी साधारण ७० दिवसांचा असे. त्यातले सुमारे ४० दिवस शरीर नेट्रॉन या नैसर्गिक क्षारात ठेवून त्यातलं पाणी काढून घेतलं जाई. तुमची शाडूची ममी ओली असताना एकदा आणि पूर्ण वाळल्यावर एकदा स्वयंपाकघरातल्या काट्यावर ठेवा आणि दोन्ही वजनं मुलांना लिहून ठेवायला सांगा. फरक पाहून मुलं चकित होतात. इतर कुठल्याही साहित्यातून हा धडा इतका सरळ मिळत नाही.

शाडूला जपावं मात्र लागतं. कणकेसारखी चांगली मळून घ्या. आत तार घालू नका, कारण माती आकसते, तार आकसत नाही आणि मानेपाशी हमखास भेग पडते. सावलीत चार-पाच दिवस वाळू द्या, पावसाळ्यात त्याहून जास्त. बारीक भेगा पातळ कालवलेल्या शाडूने बुजतात. मग गॉझ बँडेजच्या बोटभर रुंदीच्या पट्ट्या चहाच्या पाण्यात रंगवून वाळवा आणि थोडं पाणी घातलेल्या फेविकॉलने गुंडाळा. पट्ट्यांच्या थरांमध्ये कागदाचे छोटे ताईत ठेवायला विसरू नका. इजिप्तमध्येही ते ठेवत.

पॉलिमर क्ले जिथे खरी सरस ठरते ती जागा म्हणजे शवपेटी. भाजल्यावर ती जवळपास आकसत नाही, म्हणून पेटी आणि झाकण एकमेकांवर नीट बसतात. शाडूत तेच करताना झाकण वाकडं होतं. बारीक कामही पॉलिमरमध्येच खुलतं, विशेषतः मृताच्या शरीरातून काढलेले अवयव ठेवायच्या चार बरण्यांचं: यकृताच्या बरणीला माणसाचं डोकं, फुप्फुसांच्या बरणीला बबून माकडाचं, जठराच्या बरणीला कोल्ह्याचं आणि आतड्यांच्या बरणीला ससाण्याचं. हृदयाला बरणी नाही, ते शरीरातच ठेवत. पण ही क्ले महाग आहे, तेव्हा आत फॉइलचा घट्ट गोळा घालून वाचवा. बहुतेक प्रकार १३० अंश सेल्सिअसच्या आसपास भाजतात, तरी पाकिटावरचा आकडाच पाळा. मायक्रोवेव्ह चालत नाही. क्ले करपली तर त्रासदायक धूर निघतो, म्हणून भाजणं मोठ्यांनीच करावं.

हवेत वाळणारी क्ले या दोन्हींच्या मधली. हलकी, पांढरी, लहान वस्तू दोनेक दिवसांत वाळते. लाटून कापलेल्या तिच्याच पट्ट्या ओल्या बोटाने चिकटवल्या की बँडेजही लागत नाही. प्रकल्प तीन दिवसांत द्यायचा असेल तर हीच आणा.

मीठ-मैद्याचं पीठ (दोन वाट्या मैदा, एक वाटी मीठ, लागेल तसं पाणी) अगदी लहान मुलांसाठी ठीक. जून ते सप्टेंबर मात्र नकोच. मीठ हवेतला ओलावा ओढतं आणि ममीला घाम फुटतो.

दोन प्रकार एकत्र करणं मला सगळ्यात आवडतं: ममी शाडूची, बरण्या आणि पेटी पॉलिमरची. आधी ममी पूर्ण वाळवून, गुंडाळून घ्या आणि मग तिच्या मापावर सगळीकडून अर्धा सेंटिमीटर मोकळी पेटी घडवा.

प्रदर्शनानंतर पट्ट्या सोडवून शाडू बादलीत भिजवली की माती पुन्हा वापरता येते. गेल्या वर्षी वर्गातल्या एका मुलीने याला ठाम नकार दिला. मृत्यूनंतरच्या जगण्यासाठी शरीर टिकायला हवं असं मीच शिकवलं होतं, मग आता ते विरघळवायचं कसं, असं तिने विचारलं. तिची ममी तिच्या घरी आहे.